‘ॲझो फ्री’ म्हणजे नेमकं काय? डाइंगच्या धंद्यात नव्याने आलेल्यांसाठी

सोलापुरात टॉवेल-चादरीच्या कारखान्यात कामाला लागलात की, डाइंगमध्ये असा, लॅबमध्ये असा नाहीतर एक्स्पोर्टच्या टेबलावर, ‘माल ॲझो फ्री आहे ना?’ हा प्रश्न लवकरच कानावर येतो. आपण ‘हो हो, एकदम ॲझो फ्री’ म्हणून मोकळे होतो. विचारणाऱ्याने काय विचारलं आणि आपण काय कबूल केलं, हे बऱ्याचदा दोघांनाही ठाऊक नसतं. बीएस्सी केमिस्ट्री करून आलेल्या मुलामुलींना ॲझो गट वहीत काढता येतो, पण खरेदीदाराच्या कागदावरचा ॲझो तोच का, हे सांगता येत नाही. डाइंग मास्तरांचं उलट. त्यांना रंगाचा स्वभाव हाताने कळतो, पण कागद समोर आला की ते ऑफिसकडे बोट दाखवतात. हे लिखाण या दोघांसाठी.

बाकी सगळं ज्यावर उभं आहे ते आधीच सांगून टाकतो. ‘ॲझो फ्री’ माल म्हणजे ॲझो रंग न वापरलेला माल नव्हे. जगात वापरात असलेल्या कृत्रिम रंगांपैकी निम्म्याहून जास्त ॲझो आहेत. कापसावरचे बहुतेक रिॲक्टिव्ह (धाग्याशी रासायनिक बंध जोडणारे) लाल, नारिंगी, पिवळे, नेव्ही आणि काळे हे ॲझोच. आपण रोज वापरतो तो रिॲक्टिव्ह ब्लॅक ५ घ्या, त्याच्या एका रेणूत दोन ॲझो गट आहेत आणि तरीही त्याने रंगवलेला टॉवेल युरोपात बिनदिक्कत जातो. बंदी आहे ती तुटल्यावर ठरावीक घातक अमाइन (नायट्रोजनची एक जातीची संयुगं) सोडणाऱ्या ॲझो रंगांवर. म्हणजे प्रश्न ‘ॲझो आहे का’ हा नाही, ‘तुटला तर त्यातून काय निघतं’ हा आहे.

पायरी १: गट ओळखा, आणि त्याच्या भावकीतून वेगळा काढा

ॲझो गट म्हणजे दुहेरी बंधाने जोडलेले दोन नायट्रोजन अणू, आणि त्या जोडीच्या दोन्ही बाजूंना कार्बन. कागदावर –एन=एन–. रंगांमध्ये दोन्ही बाजूंना बहुधा बेंझीन किंवा नॅप्थॅलीनची वलयं असतात. सगळ्यात साधं उदाहरण ॲझोबेंझीन: एक ॲझो गट, दोन बेंझीन वलयं. त्याचे नारिंगी स्फटिक साधारण ६८ अंशांना वितळतात. दोन्ही वलयांचे इलेक्ट्रॉन या नायट्रोजनच्या पुलावरून एकमेकांशी जोडले जातात, त्यामुळे रेणू डोळ्यांना दिसणारा प्रकाश शोषू लागतो. पूल तुटला की रंग गेला. हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे दोनदा कामाला येणार आहे.

आता नावांचा घोळ. डायॲझोनियम क्षारातही दोन नायट्रोजन असतात, पण कार्बन एकाच बाजूला आणि रेणूवर धन भार. तो रंग नव्हे, रंग तयार होण्याआधीचा टप्पा. डायॲझो संयुग आणखी वेगळं, डायॲझोमिथेनसारखं, आपल्या कामात त्याचा संबंध येत नाही. अझाइडमध्ये नायट्रोजन तीन. हायड्रॅझोमध्ये दुहेरी बंधाच्या जागी एकेरी बंध आणि दोन्ही नायट्रोजनवर एकेक हायड्रोजन. ॲझो अर्धवट तुटला की हे मिळतं. आणि कॅटलॉगमध्ये ‘डिसॲझो’ दिसला तर त्याचा अर्थ एवढाच, की एका रेणूत ॲझो गट दोन आहेत. डिसॲझो आणि डायॲझो यांची अदलाबदल मी छापील ब्रोशरमध्येसुद्धा पाहिली आहे, त्यामुळे नवख्याने गोंधळायला हरकत नाही.

परीक्षेसाठी वाचत असाल तर एक जादा गोष्ट: रसायनांच्या नावांचे नियम ठरवणाऱ्या आयुपॅक संस्थेच्या पद्धतीत ॲझोबेंझीनला डायफेनिलडायझीन म्हणतात. कारखान्यात हे नाव घेतलंत तर मास्तर ‘काय बे?’ म्हणतील, इतकंच.

पायरी २: ॲझो रंग तयार होताना पाहा

यासाठी लॅबही लागत नाही. सुताच्या लडी नॅप्थॉलने रंगवतात तिथे उभे राहा, ॲझो गट तुमच्यासमोर सुतावरच तयार होतो. रिॲक्टिव्हचा रंग डब्यातच तयार होऊन येतो. नॅप्थॉलमध्ये डब्यांत दोन बिनरंगी किंवा फिकट पदार्थ असतात आणि रंग जन्मतो तो धाग्याच्या आत. ॲझो शिकायला याहून चांगली शाळा नाही.

पहिल्या टाकीत नॅप्थॉल. ते टर्की रेड ऑइलमध्ये कालवायचं, कॉस्टिक सोडा घालून उकळत्या पाण्यात विरघळवायचं. द्रावण स्वच्छ, पिवळसर दिसलं पाहिजे. लडी त्यात बुडवून, पिळून बाजूला. दुसरीकडे बेस. बेस म्हणजे एक ॲरोमॅटिक अमाइन, बेंझीनसारख्या वलयावर बसलेलं. ते हायड्रोक्लोरिक ॲसिडमध्ये घ्यायचं, बर्फ घालायचा आणि सोडियम नायट्राइटचं द्रावण हळूहळू सोडायचं. अमाइनचा डायॲझोनियम क्षार होतो. जर्मन रसायनशास्त्रज्ञ पीटर ग्रीस याने १८५८ मध्ये ही क्रिया शोधली, आणि पुढचा सगळा ॲझो धंदा तिच्यातून निघाला. मग पिळलेल्या लडी या बेसच्या टाकीत घालायच्या. पिवळसर सूत डोळ्यांदेखत मरून रंगाचं, लाल नाहीतर केशरी होतं. दोन्ही घटकांना जोडणारा पूल, म्हणजे ॲझो गट, त्याच क्षणी तयार झालेला असतो.

तापमान ० ते ५ अंश राखायचं असं पुस्तकात लिहिलेलं असतं, आणि एप्रिल-मेमध्ये पत्र्याखाली पारा चाळिशी ओलांडतो तेव्हा त्या ओळीची किंमत कळते. गरम झालं की डायॲझोनियम क्षार विघटन पावतो, त्यातला नायट्रोजन बुडबुड्यांनी निघून जातो, मागे फिनॉल राहतं आणि शेड, म्हणजे रंगछटा, मळकट येते. टाकीत बारीक फेस दिसायला लागला तर रंगाला नावं ठेवण्याआधी बर्फाची लादी किती उरली ते बघा. काही बेस यापेक्षा थोड्या जास्त तापमानाला चालतात. त्याचा आकडा पुरवठादाराच्या पत्रकातून घ्या, शेजारच्या कारखान्यातून नको.

दोन कागद खिशात असू द्यात. स्टार्च-आयोडाइडचा कागद निळा झाला म्हणजे नायट्राइट पुरेसं पडलं. काँगो रेडचा कागद निळा झाला म्हणजे ॲसिड पुरेसं आहे. गंमत अशी की काँगो रेड हाच एक ॲझो रंग. १८८४ मध्ये पॉल बॉटिगरने तो शोधला, कापसावर खारवणी (रंग धरून ठेवणारा क्षार) न लावता थेट चढणारा म्हणून तो प्रचंड खपला, आणि आज कपड्यावर त्याला बंदी आहे, कारण तुटला की बेंझिडीन हे घातक अमाइन सोडतो. बंदीचा मुद्दा समजायला याच्यासारखं उदाहरण नाही.

सुरक्षेचं एकच सांगतो: डायॲझोनियमचं द्रावण टाकीच्या काठावर, फडक्यावर, बादलीत वाळू देऊ नका. यातले बरेच क्षार कोरडे झाले की स्फोटक होतात. काम संपलं की भरपूर पाण्याने धुऊन टाका. तयार ‘फास्ट सॉल्ट’ येतात त्यात हाच क्षार स्थिर करून दिलेला असतो, तिथे नायट्राइट-बर्फाचा खटाटोप नाही.

पायरी ३: डबा वाचा

डब्यावरचं दुकानी नाव विसरा. एकाच रंगाला दहा कंपन्या दहा नावं देतात. पाहायचा तो कलर इंडेक्स, म्हणजे ‘सी.आय.’ पुढचा मजकूर. तो दोन प्रकारे लिहितात. एक नाव: सी.आय. डायरेक्ट रेड २८. दुसरा पाच आकडी क्रमांक: २२१२०. दोन्ही काँगो रेडचेच. नावावरून रंग कशावर चढतो ते कळतं, क्रमांकावरून रेणूची घडण.

हा पाच आकडी क्रमांक म्हणजे फुकटची माहिती आहे आणि फार थोडे लोक ती वापरतात. ११००० ते १९९९९ म्हणजे एक ॲझो गट. २०००० पासून दोन गट. ३०००० च्या पुढे तीन आणि जास्त. ३७००० ते ३९९९९ मध्ये नॅप्थॉल आणि बेस, म्हणजे सुतावर तयार होणारे ॲझो. त्यापुढचे वेगळ्या कुळांचे: नीळ ७३०००, फिरोजी छटांचे थॅलोसायनीन ७४००० च्या घरात. रिॲक्टिव्ह ब्लू १९ चा क्रमांक ६१२००, तो अँथ्राक्विनोन, ॲझो नाही. रिॲक्टिव्ह ब्लॅक ५ चा २०५०५, तो ॲझो. पहिले दोन आकडे वाचले तरी अर्धं काम झालं.

बेसच्या डब्यांकडे मात्र डोळ्यांत तेल घालून बघा. वर सांगितलेली क्रिया उलटी फिरवली तर काय होईल? ॲझोचा पूल तुटला की सुतावरच्या रंगातून तुम्ही घातलेलं अमाइन परत मोकळं होतं. म्हणजे नॅप्थॉल डाइंगमध्ये काय निघणार हे शोधायला प्रयोगशाळा नको, बेस कोणता होता ते पुरे. फास्ट रेड टीआर बेस (ॲझोइक डायॲझो कंपोनंट ११) म्हणजे ४-क्लोरो-ऑर्थो-टोल्युडीन. फास्ट ब्ल्यू बी (४८) म्हणजे ३,३’-डायमेथॉक्सिबेंझिडीन. फास्ट स्कार्लेट जी (१२) म्हणजे ५-नायट्रो-ऑर्थो-टोल्युडीन. फास्ट गार्नेट जीबीसी (४) म्हणजे ऑर्थो-अमिनोॲझोटोल्युईन. ही चारही अमाइन्स युरोपच्या यादीत नावानिशी आहेत. यातलं एखादं नाव जुन्या रेसिपीच्या वहीत दिसलं तर ती रेसिपी निर्यातीच्या मालाला लावायची नाही, मग शेड कितीही हुकमी येत असो.

डायरेक्ट रंगांत जुनी बेंझिडीनवाली नावं लक्षात ठेवा: डायरेक्ट ब्लॅक ३८, डायरेक्ट ब्लू ६, डायरेक्ट ब्राउन ९५. आणि डब्यावर सी.आय. क्रमांकच नसेल, किंवा ‘मिक्श्चर’ लिहून सोडून दिलं असेल, तर पुरवठादाराकडून लेखी मागा. देत नसेल तर तो डबा घेऊ नका. स्वस्त मिळतोय हे कारण मला आजवर कुणी पटवून दिलेलं नाही.

पायरी ४: हायड्रोने ओळख पटवा

बाहेरून रंगवून आलेलं सूत हातात आहे आणि डबा पाहायला मिळणार नाही, अशी वेळ नेहमी येते. चादरीच्या बॉर्डरचं चार किलो मरून रंगाचं सूत कुठून तरी जॉबवर्कने येतं आणि त्याचे कागद कुणाकडेच नसतात. अशा वेळी परीक्षानळीत पाणी, चिमूटभर कॉस्टिक आणि चिमूटभर हायड्रो घ्या, म्हणजे सोडियम हायड्रोसल्फाइट. साठ-सत्तर अंशांपर्यंत गरम करा आणि सुताचा बोटभर तुकडा सोडा.

रंग उडून सूत पांढरं किंवा फिकट पिवळट झालं, तर ते बाहेर काढा, धुवा आणि हवेवर ठेवा. वर थोडं हायड्रोजन पेरॉक्साइड टाकून बघा. रंग परत आला नाही तर तो बहुतेक ॲझो. पूल तुटला, आता जोडला जाणार नाही. पण नळीत रंग बदलला आणि हवेवर पुन्हा मूळचा आला, तर ते बहुतेक व्हॅट, म्हणजे निळीच्या पद्धतीने चढणारा रंग. नीळ घातली तर नळीत हिरवट-पिवळी होते, बाहेर काढली की निळी होते. तिथे तुटलेलं काहीच नसतं, रेणू तात्पुरता रूप बदलून परत येतो. काही व्हॅट निळ्यांचं हायड्रोतलं रूपही निळंच असतं, त्यामुळे ‘काहीच झालं नाही’ एवढ्यावरून निकाल देऊ नका. फिरोजीही सहसा दाद देत नाही.

ही चाचणी फक्त ॲझो आहे की नाही एवढं सांगते, बंदीतला आहे की नाही ते सांगत नाही. हातमोजे घाला, नळीचं तोंड स्वतःकडे धरू नका, आणि हायड्रोच्या डब्याला ओल लागू देऊ नका. ओल्या हायड्रोने आपोआप तापून पेट घेतल्याची उदाहरणं आहेत, पावसाळ्यात गोदामात तो डबा फळीवरच हवा.

पायरी ५: नियमाचा आकडा समजून घ्या

रंगकारखान्यांतल्या कामगारांना मूत्राशयाचा कर्करोग होतो हे फ्रँकफुर्टचे शल्यविशारद लुडविग रेन यांनी १८९५ मध्ये मांडलं. पुढे बोट ॲरोमॅटिक अमाइन्सवर स्थिरावलं. बेंझिडीन, २-नॅप्थिलअमाइन, ४-अमिनोबायफेनिल आणि ऑर्थो-टोल्युडीन ही आज माणसात कर्करोग घडवणारी म्हणून सिद्ध मानली जातात. कपड्यावरचा रंग आतड्यातल्या किंवा कातडीवरच्या जिवाणूंमुळे तुटू शकतो, म्हणून अमाइन थेट वापरलेलं नसलं तरी रंगावर नियम आला. जर्मनीने १९९४ मध्ये सुरुवात केली. भारताने १९९७ पर्यंत एकूण ११२ रंगांवर बंदी घातली होती, त्यात ४२ बेंझिडीनवर बेतलेले. युरोपीय संघाचा निर्देश २००२ चा, आणि आता तोच नियम रसायनांसाठीच्या ‘रीच’ कायद्याच्या सतराव्या परिशिष्टात ४३ व्या नोंदीखाली आहे. खरेदीदाराच्या कागदावर ‘एन्ट्री ४३’ दिसलं की हे समजायचं.

युरोपच्या यादीत २२ अमाइन्स आहेत. प्रत्येकाची मर्यादा किलोमागे ३० मिलिग्रॅम. काही खाजगी प्रमाणपत्रांचा आकडा याहून कडक, २० असतो, म्हणून ऑर्डर कोणत्या कागदावर आली आहे ते आधी बघा. आणि मर्यादा लागू होते ती रंगवलेल्या भागाला. टॉवेल अख्खा पांढरा आणि बॉर्डर तेवढी लाल असेल, तर पांढऱ्याचं वजन धरून सरासरी काढता येत नाही. लाल सूत एकटं पास झालं पाहिजे.

आकडा किती लहान आहे ते एकदा मांडून पाहा. फास्ट रेड टीआर बेस आणि नॅप्थॉल एएस यांच्या रंगाचा रेणुभार साधारण ४१६, त्यातून निघणाऱ्या अमाइनचा १४१.६. म्हणजे रंगाच्या वजनाच्या ३४ टक्के. सुतावर १ टक्का रंग असेल तर किलोमागे १० ग्रॅम रंग, आणि सगळा तुटला तर ३,४०० मिलिग्रॅम अमाइन. मर्यादेच्या शंभरपटीहून जास्त. उलट बाजूने: ३० मिलिग्रॅमची रेषा गाठायला किलोमागे फक्त ८८ मिलिग्रॅम रंग लागतो. १०० किलोच्या लॉटमध्ये जेमतेम नऊ ग्रॅम. म्हणजे असला रंग ‘थोडासा’ मिसळून शेड मारणं हा प्रकारच नाही, आणि आधीच्या लॉटचा टाकीत नीट न धुतलेला अंशही पुरतो.

इथे एक तोल सांभाळायला हवा. ॲझो तुटणं हे सदैव वाईटच असं नाही. संधिवातात आणि आतड्याच्या सुजेत देतात ती सल्फासॅलझीन ही ॲझो संयुगच आहे. मोठ्या आतड्यातले जिवाणू तिचा पूल तोडतात तेव्हाच त्यातलं औषध मोकळं होतं. १९३० च्या दशकातलं प्रॉन्टोसिल हे सल्फा औषधांचं मूळपुरुषही लाल ॲझो रंगच होतं, आणि त्याचं काम शरीरात तुटून निघणाऱ्या सल्फॅनिलअमाइडने होत असे. मिठाईच्या पाकिटावर दिसणारे टार्ट्राझिन आणि सनसेट यलो हे परवानगी असलेले ॲझो खाद्यरंग. मेटॅनिल यलो हा मात्र खाण्यात बंदी असलेला, हळदी-डाळीतल्या भेसळीत सापडणारा ॲझो. गट एकच, तुकडे वेगळे.

पायरी ६: रिपोर्ट वाचा

लॅबचा रिपोर्ट बहुधा आयएसओ १४३६२-१ प्रमाणे येतो. तिथे नमुन्याचे तुकडे पीएच ६ च्या सायट्रेट बफरमध्ये ७० अंशांना ठेवून सोडियम डायथायोनाइटने अर्धा तास तोडतात. डायथायोनाइट म्हणजे आपलाच हायड्रो. पॉलिएस्टरवरचा डिस्पर्स रंग असेल तर आधी तो सॉल्व्हंटने बाहेर काढावा लागतो. मग निघालेली अमाइन्स क्रोमॅटोग्राफीने वेगळी करून मोजतात. बऱ्याच लॅब ५ मिलिग्रॅमच्या खाली ‘एन.डी.’ (सापडलं नाही) लिहितात.

तीन गोष्टी अशा आहेत की त्या कुणी सांगितल्याशिवाय कळत नाहीत.

रिपोर्टमधलं नाव नेहमी तुमच्या बेसचंच नसतं. स्कार्लेट जीचा ५-नायट्रो-ऑर्थो-टोल्युडीन चाचणीत आणखी तुटून २,४-टोल्युइनडायअमाइन म्हणून दिसतो, कारण हायड्रो त्यातल्या नायट्रोचंही अमाइन करतो. गार्नेट जीबीसीचा अमाइन स्वतःच ॲझो असल्याने तुटून ऑर्थो-टोल्युडीन दाखवतो. रिपोर्टमध्ये ही नावं आली आणि ‘आम्ही हे वापरतच नाही’ असं तुम्ही खरेदीदाराला ठणकावून सांगितलंत, तर पुढच्या मेलमध्ये तोंडघशी पडाल.

उलट, हेच २,४-टोल्युइनडायअमाइन रंगाशिवायही येऊ शकतं. पॉलियुरेथेनचा थर, फोम किंवा तसलं बाइंडर असलेल्या मालात चाचणीच्या वेळी ते निघू शकतं, ४,४’-डायअमिनोडायफेनिलमिथेनचंही तसंच. बाथमॅटच्या पाठीवर असा थर असेल तर थर आणि सूत वेगळं करून तपासायला सांगा.

आणि ४-अमिनोॲझोबेंझीन. तेही यादीत आहे, पण नेहमीच्या चाचणीत ते टिकत नाही, तुटून ॲनिलीन आणि पॅरा-फेनिलीनडायअमाइन होतं. रिपोर्टमध्ये ॲनिलीन किलोमागे ५ मिलिग्रॅमच्या वर गेलं किंवा पॅरा-फेनिलीनडायअमाइन सापडलं, तर आयएसओ १४३६२-३ ची वेगळी चाचणी करावी लागते. ती झाली आहे का ते रिपोर्टच्या शेवटच्या पानावर पाहा.

खर्च वाचवायला दोन-तीन रंग एकत्र तपासतात. चालतं, पण मग आकडा पातळ होतो हे ध्यानात ठेवा. समान वजनाच्या तीन रंगांच्या मिश्रणात १० दिसलं तर एकट्या दोषी सुतात ३० असू शकतं. अशा वेळी रंग सुटे करून पुन्हा पाठवा.

पायरी ७: लिहून देताना

मेलमध्ये किंवा घोषणापत्रावर नुसतं ‘ॲझो फ्री’ लिहू नका. रिॲक्टिव्ह ब्लॅक वापरून तसं लिहिणं अक्षरशः खोटं आहे, आणि कागदावर बारीक नजर ठेवणारा खरेदीदार ते धरू शकतो. लिहायचं असं: ‘रीच कायद्याच्या परिशिष्ट १७, नोंद ४३ मधली अमाइन्स तुटून किलोमागे ३० मिलिग्रॅमपेक्षा जास्त सोडतील असे ॲझो रंग या मालात वापरलेले नाहीत.’ सोबत लॉट क्रमांक, चाचणीची पद्धत आणि रिपोर्टची तारीख. बोलताना ‘ॲझो फ्री’ म्हणा, सोलापूरच्या कारखान्यांचा अवघा अक्कलकोट रोड तेच म्हणतो.

प्रत्येक शेडचं बोटभर सूत, त्याच्या रेसिपीची आणि डब्याच्या बॅच क्रमांकाची चिठ्ठी असलेलं एक रजिस्टर ठेवा. रिपोर्ट फेल आला की आधी हेच लागतं: कोणतं अमाइन, ते कोणत्या घटकातून येऊ शकतं, तो घटक कोणत्या शेडमध्ये होता, ती शेड आणखी कोणत्या लॉटमध्ये गेली. शिलाईचा धागा आणि विणलेलं लेबल यांचीही चिठ्ठी त्यात हवी. टॉवेल निर्दोष आणि लेबलचा लाल धागा दोषी, असंही होतं.

सांडपाण्याबद्दल एक, कारण त्याचा याच पुलाशी संबंध आहे. टाकीतलं रंगीत पाणी हायड्रोने किंवा हवाविरहित प्रक्रियेने बिनरंगी झालं, म्हणजे ॲझो तुटला आणि अमाइन्स पाण्यात उतरली. ती पुढे हवेशीर टाकीत जिवाणूंकडून मोडावी लागतात. ट्रीटमेंट प्लँटच्या नोंदवहीत रंग गेल्याची वेळ लिहितात, त्याच ओळीत पाणी पुढच्या टाकीत किती तास होतं तेही लिहायला सांगा.